ग्रेस हॉपर
ग्रेस ब्रूस्टर मरे हॉपर (९ डिसेंबर, १९०६:न्यू यॉर्क - १ जानेवारी, १९९२:आर्लिंग्टन, व्हर्जिनिया) या अमेरिकन गणितज्ञ, संगणकशास्त्रज्ञ आणि अमेरिकेच्या नौदलातील रिअर ॲडमिरल होत्या. आज्ञावलीला लागणारे तयार भाग शोधून जोडण्याचे काम संगणकाकडूनच करून घेणाऱ्या आद्य संशोधकांमध्ये त्यांची गणना होते.

शिक्षण व नौदलप्रवेश
हॉपर यांनी १९२८मध्ये व्हॅसर महाविद्यालयातून पदवी आणि १९३४मध्ये येल विद्यापीठातून गणितात डॉक्टरेट मिळवली. त्या व्हॅसरमध्येच गणित शिकवीत. दुसऱ्या महायुद्धात त्या नौदलाच्या राखीव दलात दाखल झाल्या. वजन निकषापेक्षा कमी भरल्याने त्यांना त्यासाठी विशेष सूट घ्यावी लागली. १९४४मध्ये त्यांची नेमणूक हार्वर्ड विद्यापीठातील मार्क १ या यंत्रावर हॉवर्ड एकन यांच्या हाताखाली झाली.

ए-० प्रणाली
मार्क १वर काम करणारे सहकारी वारंवार लागणाऱ्या गणनांच्या उपआज्ञावल्या वहीत टिपून ठेवीत व गरजेप्रमाणे एकमेकांच्या वहीतून उतरवून घेत. उतरवताना अक्षरे व अंक बदलत. शिवाय प्रत्येक उपआज्ञावलीतील पत्ते शून्यापासून सुरू होत असल्याने नव्या जागी बसवताना ते सगळे बेरीज करून बदलावे लागत आणि एक बेरीज चुकली तरी यंत्र भलत्याच ठिकाणी जाई.

१९४९मध्ये हॉपर एकर्ट-मॉकली संगणक कंपनीत रुजू झाल्या. तेथे युनिव्हॅक संगणकासाठी त्यांनी १९५१-५२मध्ये ए-० ही प्रणाली तयार केली. हिच्यात उपआज्ञावल्या चुंबकीय फितीवर साठवून प्रत्येकीला सांकेतिक नाव दिलेले असे. आज्ञावली लिहिणाऱ्याने ते नाव व लागणारी मूल्ये द्यायची. फितीवरून भाग शोधणे, त्याची नक्कल करणे आणि पत्ते दुरुस्त करणे ही कामे यंत्र करी.

खरी अडचण पुढच्या संदर्भांची होती. सातव्या क्रियेतून सतराव्या क्रियेकडे उडी घ्यायची, तर सतरावी क्रिया स्मृतीत कोठे बसणार हे त्या वेळी ठाऊकच नसे. युनिव्हॅकच्या स्मृतीत केवळ १,००० शब्द मावत, आणि आज्ञावली एकाच फेरीत जुळवायची होती. उपाय हॉपर यांना महाविद्यालयीन काळातील बास्केटबॉलमधून सुचला. महिलांच्या तत्कालीन नियमांनुसार चेंडू एक टप्पा देऊन सहकाऱ्याकडे सोपवावा लागे व पुढे धावत जाऊन परत घ्यावा लागे. त्याप्रमाणे त्यांनी स्मृतीच्या शेवटी एक कोपरा राखून ठेवला. उडी आधी तेथे जाई, सतराव्या क्रियेच्या नावे खूण राही, आणि ती क्रिया जागेवर बसली की कोपऱ्यातील रिकामा पत्ता भरला जाई.

ए-०ला अनेकदा पहिला कंपायलर म्हटले जाते. आजच्या अर्थाने मात्र ती लिंकरच्या अधिक जवळची आहे. उपआज्ञावल्यांचा संग्रह ही कल्पनाही एकट्या हॉपर यांची नव्हे. इंग्लंडमध्ये केंब्रिजच्या एड्सॅक संगणकावर विल्क्स, व्हीलर व गिल यांनी त्याच सुमारास असा संग्रह उभारला होता.

आजचा लिंकरही अज्ञात पत्त्याची जागा मोकळी ठेवून नावाची नोंद करतो व लायब्ररींमध्ये त्याचा शोध घेतो. नाव न सापडल्यास संदर्भ अपूर्ण असल्याची त्रुटी दिसते. लायब्ररीचे नाव दिलेले नसणे, ती दुसऱ्याच फोल्डरमध्ये असणे किंवा तिची आवृत्ती जुनी असणे ही नेहमीची कारणे होत. युनिक्स परंपरेतील लिंकर स्थिर लायब्ररी डावीकडून उजवीकडे क्रमाने तपासत जातो. त्यामुळे लायब्ररी तिचा वापर करणाऱ्या फाइलच्या आधी लिहिली तर सर्व काही जागेवर असूनही ही त्रुटी येते. अशा वेळी केवळ क्रम बदलावा लागतो.

उत्तरायुष्य
इंग्रजी शब्दांत आज्ञा स्वीकारणारी फ्लो-मॅटिक ही भाषा हॉपर यांच्या मार्गदर्शनाखाली विकसित झाली. १९५९मध्ये आखणी सुरू झालेल्या कोबोल भाषेवर तिचा मोठा प्रभाव आहे. कोबोलच्या समितीत हॉपर तांत्रिक सल्लागार होत्या; त्यांना कोबोलच्या एकमेव जनक मानणे बरोबर नाही. १९६६मध्ये निवृत्त झालेल्या हॉपर यांना नौदलाने पुढच्याच वर्षी परत बोलावले. अखेरची निवृत्ती त्यांनी १९८६मध्ये, वयाच्या ७९व्या वर्षी, बोस्टन येथे यूएसएस कॉन्स्टिट्यूशन या जहाजावर घेतली. त्यांचे दफन आर्लिंग्टन राष्ट्रीय दफनभूमीत झाले. नौदलाच्या एका विनाशिकेला यूएसएस हॉपर हे नाव देण्यात आले असून २०१६मध्ये त्यांना मरणोत्तर प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम प्रदान करण्यात आले.