बालकवी : आनंदाची कविता लिहिणारा उदास माणूस



श्रावणाची कविता वर्गात घेतली की मुलं आपोआप डोलू लागतात. ही लिहिणारा माणूस कायम हसतमुख असणार, असं त्यांना वाटतं. म्हणून आज थोडं कवीविषयी.

त्र्यंबक बापूजी ठोंबरे यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९० रोजी खानदेशातील धरणगाव येथे झाला. वडील पोलीस खात्यात. त्यांची बदली झाली की बिऱ्हाड हलायचं. शाळा, सोबती ओळखीचे होतात न होतात तोच पुन्हा सामान बांधायचं. (भोसरी-चाकणला बाबांचं कंपनीतलं कॉन्ट्रॅक्ट संपलं की वर्षाच्या मध्येच दाखला न्यायला येणारी आपली मुलं मला इथे हटकून आठवतात.) शिक्षण धड झालंच नाही.

१९०७ साली जळगावला कविसंमेलन भरलं. अध्यक्ष होते डॉ. कान्होबा रणछोडदास कीर्तिकर. सोळा-सतरा वर्षांच्या त्र्यंबकची कविता ऐकून त्यांनी त्याला 'बालकवी' ही पदवी दिली. पुढे अहमदनगरला रेव्हरंड ना. वा. टिळक आणि लक्ष्मीबाई यांच्याकडे तो घरच्या मुलासारखा राहिला.

'फुलराणी'त हिरवळीवरच्या इवल्याशा कळीचं लग्न लागतं. पण त्याच हाताने 'पारवा'ही लिहिली, पडक्या जागी एकट्याने घुमणाऱ्या पक्ष्याची. एका कवितेत तर आपण उदास का आहोत, हे शोधूनही त्यांना सापडत नाही. आधी आनंदी होते, मग संसाराच्या ओढाताणीने दुःखी झाले, असं सांगितलं जातं. मला ते इतकं सरळ वाटत नाही. श्रावणाच्या कवितेतच बघा ना, ऊन आलं म्हणेपर्यंत सर येते. काहीच टिकत नाही तिथे. ज्याला ऊन इतकं बारकाईने दिसलं, त्याला ते जाणार हेही दिसत असणारच.

५ मे १९१८ रोजी जळगावजवळच्या भादली स्टेशनाजवळ रूळ ओलांडताना गाडीखाली सापडून त्यांचा मृत्यू झाला. अठ्ठावीस वर्षंही पुरी झाली नव्हती.

यंदा चौथीला हे सांगितलं तेव्हा वर्ग गप्प झाला. एका मुलीने विचारलं, बाई, मग त्यांच्या घरी कोणी कळवलं? तिचे बाबा सेकंड शिफ्ट सुटल्यावर चाकणहून गाडीवर येतात. पोचेपर्यंत आई जेवत नाही, हेही तिनेच सांगितलं. आपणही जागीच असतो म्हणाली, पण झोपल्यासारखं करते.

मला काही बोलता येईना. मी श्रावणाची कविता पुन्हा म्हणून घेतली. तीही म्हणत होती, मोठ्याने.