सर जॉर्ज ग्रे : सैनिक, गव्हर्नर आणि पंतप्रधान



१८५७ चा उठाव आपण दरवर्षी वर्गात शिकवतो. मेरठ, दिल्ली, कानपूर, झाशी ही नावं मुलांना तोंडपाठ असतात. पण इंग्रजांना मदत नेमकी कुठून आली, असं एखाद्या मुलाने विचारलं तर? त्या उत्तरातलं एक नाव आपल्या पुस्तकात नाही. ते म्हणजे आफ्रिकेच्या दक्षिण टोकावरच्या केप वसाहतीचे गव्हर्नर सर जॉर्ज ग्रे. आज त्यांची जीवनकथा पाहू या.

जन्म आणि सैनिकी जीवन

जॉर्ज ग्रे यांचा जन्म १४ एप्रिल १८१२ रोजी पोर्तुगालमधील लिस्बन शहरात झाला. त्यांचे वडील ब्रिटिश सैन्यात लेफ्टनंट कर्नल होते. मुलाच्या जन्माच्या काही दिवस आधीच ते स्पेनमधील बादाहोसच्या लढाईत मारले गेले. म्हणजे बघा, वडिलांचं तोंडही न पाहिलेला हा मुलगा. पुढे त्याने वडिलांचाच पेशा घेतला. सँडहर्स्टच्या सैनिकी विद्यालयात शिक्षण झालं आणि नोकरीनिमित्त काही वर्षं आयर्लंडमध्ये गेली. तिथलं शेतकऱ्यांचं दारिद्र्य त्यांनी जवळून पाहिलं.

१८३७ मध्ये ते ऑस्ट्रेलियाच्या वायव्य किनाऱ्यावर शोधमोहिमेसाठी गेले. तिथल्या मूळ रहिवाशांशी झालेल्या चकमकीत त्यांच्या कमरेजवळ भाला लागला आणि त्यांच्या गोळीने समोरचा माणूस मेला. १८३९ च्या दुसऱ्या मोहिमेत होड्या फुटल्या आणि सगळ्यांना शेकडो किलोमीटर चालत पर्थ गाठावं लागलं. त्या वाटचालीत कायबर नावाच्या स्थानिक वाटाड्याची फार मदत झाली. मुलांना हे जरूर सांगा. शोध गोऱ्या माणसाच्या नावावर लागतो, पण वाट दाखवणारा तिथलाच असतो.

तरुण गव्हर्नर

यानंतर ग्रे यांनी सैन्य सोडलं. १८४१ मध्ये, वयाची तिशी गाठण्याआधीच, ते दक्षिण ऑस्ट्रेलियाचे गव्हर्नर झाले. वसाहत कर्जात बुडाली होती. त्यांनी खर्चाला कात्री लावली, लोकांचा रोष पत्करला आणि गाडी रुळावर आणली. म्हणून १८४५ मध्ये त्यांना न्यूझीलंडला पाठवलं गेलं. तिथे मूळ रहिवासी माओरी आणि इंग्रज यांच्यात लढाई चालू होती.

ग्रे यांनी दोन गोष्टी एकदमच केल्या. एकीकडे बळाचा वापर केला. १८४६ मध्ये ते रौपराहा या नामांकित माओरी सरदाराला पहाटे पकडलं आणि खटला न चालवताच कैदेत ठेवलं. दुसरीकडे ते माओरी भाषा शिकले आणि त्या लोकांच्या कथा, गाणी, वंशावळी गोळा करू लागले. या कामात त्यांचा मोठा आधार होता ते रंगिकाहेके हा माओरी विद्वान. त्याने शेकडो पानं स्वतःच्या हाताने लिहून दिली. ग्रे यांचं पॉलिनेशियन पुराणकथांचं पुस्तक १८५५ मध्ये निघालं आणि जगभर गाजलं. लेखक म्हणून नाव मात्र एकट्या ग्रे यांचंच!

केप वसाहत आणि १८५७

१८५४ मध्ये ग्रे केप वसाहतीत आले. तिथे त्यांनी शाळा काढायला मदत केली, रुग्णालय उभारलं. पण याच काळात खोसा लोकांवर भयंकर संकट आलं. नोंगकाउसे नावाच्या मुलीच्या भविष्यवाणीवर विश्वास ठेवून त्यांनी १८५६-५७ मध्ये आपली गुरं मारली, धान्य नष्ट केलं. आपले पूर्वज उठून येतील आणि गोरे लोक निघून जातील, ही त्यामागची आशा. सुमारे ४०,००० माणसं उपासमारीने गेली, असा अंदाज आहे. ग्रे यांनी या संकटाचा फायदा घेतला. भुकेल्या लोकांना गोऱ्यांच्या शेतांवर मजुरीला लावलं, त्यांच्या जमिनीवर युरोपियन लोक वसवले आणि खोसा सरदारांना रॉबेन बेटावर कैदेत पाठवलं. हो, तेच बेट, जिथे पुढे नेल्सन मंडेला यांनी तुरुंगवास भोगला.

याच १८५७ मध्ये मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांची मदतीची हाक केपला पोहोचली. (हे एल्फिन्स्टन म्हणजे माउंटस्टुअर्ट नव्हेत, त्यांचे पुतणे. मुंबईचं हॉर्निमन सर्कल पूर्वी यांच्याच नावाने ओळखलं जाई.) ग्रे यांनी लंडनच्या हुकमाची वाट पाहिली नाही. सैनिक, तोफा, घोडे जहाजांवर चढवून भारताकडे रवाना केले. तेव्हा खोसा प्रदेश उपासमारीने खचला होता, म्हणूनच तिथून सैन्य हलवणं सोपं गेलं. तिकडच्या लोकांचं दुःख आणि इकडच्या उठावाचा पराभव यांचा धागा असा जुळतो.

युद्ध आणि जमीनजप्ती

१८६१ मध्ये ग्रे पुन्हा न्यूझीलंडचे गव्हर्नर झाले. माओरींनी आता जमीन विकायचं थांबवून स्वतःचा राजा निवडला होता. जुलै १८६३ मध्ये ग्रे यांच्या आदेशाने ब्रिटिश फौज वायकाटो प्रदेशात घुसली. युद्धानंतर माओरींची सुमारे १२ लाख एकर जमीन जप्त झाली. ज्यांच्या कथा त्यांनी जपून ठेवल्या, त्यांचीच जमीन त्यांच्या कारकिर्दीत गेली. या अन्यायाची माफी मागणाऱ्या कायद्यावर राणी एलिझाबेथ यांनी सही केली ती १९९५ साली. मधे १३० वर्षं लोटली होती.

राजकारणी ग्रे

वरिष्ठांशी सततच्या वादांमुळे १८६८ मध्ये ग्रे यांचं पद गेलं. दुसरा कुणी घरी बसला असता. ग्रे मात्र निवडणुकीला उभे राहिले आणि १८७७ मध्ये न्यूझीलंडचे पंतप्रधान झाले. गव्हर्नर राहून पुढे तिथला पंतप्रधान झालेले ते एकटेच. प्रत्येक प्रौढ पुरुषाला मत मिळावं आणि बड्या जमीनदारांवर कर बसावा, असा त्यांचा आग्रह होता. त्यांचं सरकार १८७९ मध्ये पडलं, पण मताधिकाराचा कायदा त्याच वर्षी नव्या सरकारने केला. पूर्वी श्रीमंतांना अनेक ठिकाणी मत देता येई. एका माणसाला एकच मत, ही सुधारणाही ग्रे यांच्या प्रयत्नातून १८८९ मध्ये झाली. आपला मोठा ग्रंथसंग्रह त्यांनी केपटाऊन आणि ऑकलंड या दोन शहरांना देऊन टाकला. १९ सप्टेंबर १८९८ रोजी लंडनमध्ये त्यांचं निधन झालं.

वर्गात काय विचाराल?

ऑकलंडच्या एका बागेत ग्रे यांचा पुतळा आहे. १९८७ मध्ये कुणीतरी त्याचं डोकं उडवलं होतं, नंतर नवं बसवलं गेलं. मुलांना हे सांगा आणि विचारा, तुम्ही तिथे असता तर पुतळ्याखालच्या पाटीवर काय लिहिलं असतं? फक्त चार ओळी. ग्रंथालय आणि मताधिकार लिहाल, की जमीन आणि उपासमार? दोन्ही लिहिलं तर आधी काय?

उत्तर आपण देऊ नये. मुलं आपसात भांडतील, भांडू द्या. थोर किंवा दुष्ट असा एक शिक्का मारणं सोपं असतं. त्याऐवजी चार ओळी विचार करून लिहिणारं मूल इतिहास खऱ्या अर्थाने शिकलं, असं मला वाटतं. घरी पालकांनीही हा प्रयोग जरूर करून पाहावा.