हत्ती आणणारा कप्तान

गजाननाची रोज आरती करणाऱ्या आपल्याला हत्तीचे नवल नाही. पण १३ एप्रिल १७९६ रोजी न्यूयॉर्क बंदरात 'अमेरिका' नावाचे जहाज लागले आणि त्यातून हत्तीचे एक दोन वर्षांचे पिल्लू उतरले, तेव्हा लोक बघतच राहिले. त्या देशात आलेला हा पहिलाच हत्ती. कलकत्त्याहून निघालेले जहाज चार महिन्यांहून अधिक काळ समुद्रावर होते. जहाजाची नोंदवही लिहिणारा अधिकारी नॅथॅनिएल हॉथॉर्न हा पुढे त्याच नावाने गाजलेल्या कादंबरीकाराचा पिता. ४५० डॉलरला घेतलेले ते पिल्लू १०,००० डॉलरला विकले गेले, असे सांगतात.

हा सौदा करणारा कप्तान होता अवघ्या सव्वीस वर्षांचा जेकब क्राउनिनशील्ड. त्याचा जन्म ३१ मार्च १७७० रोजी मॅसॅच्युसेट्समधील सेलम या बंदरगावी झाला. वडील जॉर्ज हे नावाजलेले जहाजमालक. घरातली मुले लहानपणीच जहाजावर चढत आणि विशीत कप्तान होत. स्वातंत्र्य मिळवलेल्या अमेरिकेला इंग्रजांच्या वसाहतींतील जुन्या बाजारपेठा बंद झाल्या होत्या. म्हणून सेलमच्या व्यापाऱ्यांनी आफ्रिकेला वळसा घालून हिंदुस्थान आणि सुमात्रा गाठले. सुती कापड आणि मिरी यांवर ते छोटे गाव श्रीमंत झाले.

गावात दुसरे मोठे घराणे डर्बी यांचे. जेकबची आई डर्बींची लेक आणि आत्या डर्बींची सून. एवढी सोयरीक असूनही राजकारणात दोन्ही घरे समोरासमोर उभी होती. बहुतेक बड्या व्यापाऱ्यांप्रमाणे डर्बी फेडरॅलिस्ट पक्षाचे, तर क्राउनिनशील्ड जेफर्सन यांच्या रिपब्लिकन पक्षाचे. आपल्याच वर्गाविरुद्ध उभे राहण्याचे हे धाडस जेकबने केले. १८०२ च्या निवडणुकीत त्याने माजी परराष्ट्रमंत्री टिमथी पिकरिंग यांचा पराभव केला आणि १८०३ मध्ये तो प्रतिनिधिगृहात गेला.

१८०५ मध्ये राष्ट्राध्यक्ष जेफर्सन यांनी त्याला नौदलमंत्री नेमले आणि सिनेटनेही मान्यता दिली. पण पत्नी सारा सेलम सोडून वॉशिंग्टनला राहायला तयार नव्हती, त्याची स्वतःची प्रकृतीही नाजूक होती. त्याने ते पद कधीच स्वीकारले नाही.

सभागृहात मात्र त्याचा शब्द वजनदार होता. इंग्रज नौदल अमेरिकन जहाजे अडवी, खलाशांना जबरीने ओढून नेई. १८०६ मध्ये व्यापारविषयक समितीचा अध्यक्ष असलेल्या जेकबने इंग्रजी माल आयात करू नये, अशी भूमिका घेतली. समुद्रावर स्वतःची जहाजे असलेल्या माणसाने हे म्हणणे सोपे नव्हते. उत्साहाच्या भरात तो चुकलाही. युद्ध झालेच, तर दोन राज्यांचे नागरी सैन्य कॅनडा सहज घेईल, असे त्याला वाटे. १८१२ च्या युद्धाने तो भ्रम पुरता उतरवला.

ते पाहायला तो नव्हता. डिसेंबर १८०७ मध्ये त्याच्याच पक्षाच्या सरकारने परदेशी व्यापारासाठी बंदरे बंद केली आणि सेलमच्या धक्क्यांवर जहाजे नुसती उभी राहिली. ती बंदी उठण्यापूर्वीच, १५ एप्रिल १८०८ रोजी, अधिवेशन चालू असताना वॉशिंग्टनमध्ये क्षयाने त्याचे निधन झाले. वय अवघे अडतीस.

जेकबने न स्वीकारलेले नौदलमंत्रिपद १८१५ मध्ये त्याचा धाकटा भाऊ बेंजामिन याच्याकडे आले. घराण्यातील मंत्री म्हणून नाव राहिले ते बेंजामिनचे, तर जेकब लोकांच्या लक्षात राहिला तो हत्तीमुळे. पण त्याची खरी कसोटी लागली ती सभागृहात. समुद्रावर त्याने पैसा पणाला लावला होता. तिथे त्याने सोयऱ्यांची मर्जी आणि स्वतःचा धंदाही पणाला लावला.