मिठाचा साहेब आणि पंखांवरचे डोळे

दारातल्या कढीपत्त्यावर पाखराच्या शिटेसारखी दिसणारी अळी आपल्यापैकी अनेकांनी पाहिली असेल. बहुतेकांनी ती झटकून चपलेखाली चिरडलीही असेल. ती कॉमन मॉर्मन या फुलपाखराची अळी. मोठी झाली की ती हिरवीगार होते आणि डिवचली तर डोक्यामागून लाल शिंगासारखा अवयव बाहेर काढून उग्र वास सोडते. अशा अळ्या घरी आणायच्या, रोज ताजा पाला घालायचा आणि कोषातून काय बाहेर पडते याची वाट पाहायची, हा छंद आपल्याच भागात जन्मलेल्या एका माणसाने जन्मभर सांभाळला. पोटासाठी तो मिठावरचा कर गोळा करीत असे.

एडवर्ड हॅमिल्टन एटकिन यांचा जन्म १६ ऑगस्ट १८५१ रोजी साताऱ्यात झाला, म्हणजे कोल्हापूरहून शे-सव्वाशे किलोमीटरवर. छत्रपतींचे सातारचे राज्य नुकतेच खालसा झाले होते. वडील स्कॉटलंडमधून आलेले मिशनरी. मुलाचे सुरुवातीचे शिक्षण त्यांनीच घरी केले. पुढे मुंबई-पुण्यात शिकून एटकिन बी.ए., एम.ए. झाले आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजात १८७० ते १८७६ लॅटिन शिकवू लागले. इथल्या भाषा लहानपणापासून कानावर पडलेल्या, त्यामुळे पुढे खेड्यापाड्यांत हिंडताना त्यांना दुभाष्याची गरज पडली नाही.

१८७६ मध्ये त्यांनी मुंबई सरकारच्या जकात आणि मीठ खात्यात नोकरी धरली. कच्छच्या छोट्या रणाच्या काठचे खाराघोडा, मुंबईजवळचे उरण, रत्नागिरी, कारवार, गोव्याची सरहद्द अशा बदल्या होत गेल्या. खाते रुक्ष आणि ठिकाणे आडबाजूची. दुसरा एखादा कंटाळून मायदेशी परतला असता. एटकिन यांनी मात्र बंगल्यातल्या पाली, उंदीर, मुंग्या आणि डासांवर विनोदी लेख लिहायला घेतले. सरकारला तेव्हा वायव्य सरहद्दीवरच्या टोळ्यांची काळजी होती. त्यावरची कोटी म्हणून त्यांनी आपल्या पहिल्या पुस्तकाच्या नावात या घरगुती प्राण्यांनाच सरहद्दीवरच्या टोळ्या करून टाकले. टोपणनाव घेतले ते स्वतःच्या आद्याक्षरांचे, ‘ईहा’. संस्कृतात ईहा म्हणजे इच्छा. हा योगायोगच असावा, पण माणसाला शोभून दिसणारा आहे.

हे पुस्तक १८८३ मध्ये आले आणि त्याच वर्षी १५ सप्टेंबरला मुंबईत आठ जणांनी बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन केली. एटकिन त्यांपैकी एक. आठांत दोन मराठी डॉक्टरही होते, हे आपल्याकडे फारसे सांगितले जात नाही. एक प्रार्थना समाजाचे डॉ. आत्माराम पांडुरंग आणि दुसरे रखमाबाईंचे सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन. पुढे संस्थेचे नियतकालिक निघाले, तेव्हा संपादनातही एटकिन यांचा हात होता.

त्या काळी फुलपाखरांचा अभ्यास म्हणजे प्रामुख्याने टाचण्या टोचलेली मेलेली फुलपाखरे. जाळीने पकडायची, पेटीत लावायची, लंडनला धाडायची. तिथला विद्वान पंखांवरची नक्षी पाहून नाव देई. नक्षी वेगळी की जात वेगळी, असा सरळ हिशेब. आणि तिथेच गफलत होत होती.

आपल्या भातशेतीत आणि गवतात आढळणारे कॉमन इव्हिनिंग ब्राउन घ्या. संध्याकाळी घरातल्या दिव्यापाशी येणारे मळकट तपकिरी फुलपाखरू ते हेच. पावसाळ्यात त्याच्या पंखांच्या खालच्या बाजूला ठसठशीत डोळ्यांसारखी वर्तुळे असतात. हिवाळ्या-उन्हाळ्यात ती जवळपास नाहीशी होतात आणि पंख हुबेहूब वाळक्या पानासारखा दिसतो. पेटीत शेजारी शेजारी लावले तर कुणीही दोन जाती म्हणेल. अशी कितीतरी फुलपाखरे दोन-दोन नावांनी नोंदली गेली होती. वाद मिटवायचा एकच खात्रीचा उपाय होता, तो म्हणजे मादीकडून अंडी मिळवून पुढची पिढी स्वतः वाढवणे. कलकत्त्यात लायोनेल द निसव्हिल यांनी १८८०च्या दशकात तेच केले आणि एकाच आईची लेकरे ऋतूप्रमाणे वेगळी नक्षी घेऊन येतात हे दाखवले.

पश्चिम किनाऱ्यावर अळ्या वाढवण्याचे काम एटकिन यांनी कारवारला केले. सोबत होते जेम्स डेव्हिडसन हे सनदी अधिकारी आणि जंगल खात्यातले टी. आर. बेल. महसूल, जंगल आणि मीठ अशा तीन खात्यांचे तीन साहेब कचेरीचे काम आटोपून अळ्यांना पाला घालीत, हे चित्रच मोठे मजेशीर आहे. कोणती अळी कोणत्या झाडावर, कोष कसा, त्यातून काय निघाले, याच्या त्यांनी बारीक नोंदी केल्या. मुंबई इलाख्यातल्या अळ्या आणि कोषांवरचे टिपण आधी प्रसिद्ध झाले. मग १८९६ पासून उत्तर कानडा जिल्ह्यातल्या फुलपाखरांवर तिघांचा मोठा निबंध क्रमशः आला. फुलपाखरू ओळखायचे तर आधी त्याचे झाड ओळखा, ही आजची रीत अशाच कामातून रुजली.

कोषात नेमके काय घडते, हे मात्र त्यांच्या हयातीत कळण्यासारखे नव्हते. फुलपाखराचा पंख हाताला लागला की जी भुकटी उरते, ते असतात खवले. एक खवला म्हणजे एक पेशी आणि सहसा एकच रंग. ठिपक्या-ठिपक्यांनी रांगोळी भरावी तशी सगळी नक्षी या खवल्यांतून भरलेली असते. पंखाची पिशवीसारखी घडी अळीच्या अंगात आधीपासूनच असते. त्या इवल्याशा पंखावर काही ठिकाणच्या पेशी भोवतालच्या पेशींना रासायनिक निरोप धाडतात. निरोप जवळ जोरात पोहोचतो आणि दूर क्षीण होत जातो, म्हणून मधे एक रंग आणि भोवती वेगळ्या रंगाची कडी उमटते. अमेरिकेत फ्रेड नायहाउट यांनी १९८० मध्ये आपल्या पॅन्सी फुलपाखरांच्या एका भावंडावर प्रयोग केला. कोवळ्या कोषाच्या पंखातली ही मधली पेशी-गाठ जाळली तर डोळा उमटला नाही, आणि तीच उचलून दुसऱ्या जागी रोवली तर डोळा तिथे उमटला. १९९४ मध्ये त्या जागी कामाला लागणारे एक जनुक सापडले. गंमत म्हणजे किड्यांचे पाय घडवण्यातही हेच जनुक लागते. उत्क्रांतीने नवे हत्यार घडवलेले नाही, जुनेच नव्या कामाला जुंपले आहे.

ऋतूचे कोडेही असेच सुटले. इव्हिनिंग ब्राउनच्या नात्यातल्या एका आफ्रिकी फुलपाखरात दिसले की अळीच्या शेवटच्या दिवसांतली ऊब किंवा गारवा कोषातल्या संप्रेरकाची वेळ ठरवतो आणि त्यावरून डोळे मोठे होतात की लहान. पावसाळ्यात फुलपाखरू हिरवळीवर चपळपणे उडते, तेव्हा पाखराची चोच डोळ्यावर, म्हणजे पंखाच्या कडेला बसते आणि जीव वाचतो. कोरड्या दिवसांत ते पाचोळ्यात बसून राहते. तिथे डोळा उठून दिसला तर तोच घात करील.

आणि कढीपत्त्यावरचे कॉमन मॉर्मन? त्याच्या काही माद्या नरासारख्या, तर काही चक्क कॉमन रोझ किंवा क्रिमसन रोझ या वेगळ्या फुलपाखरांसारख्या दिसतात. या सगळ्या एकाच जातीच्या, हे आल्फ्रेड रसेल वॉलेस यांनी १८६५ मध्ये मांडले होते. रोझ फुलपाखरांच्या अळ्या ईश्वरीच्या वेलीवर वाढतात आणि तिचे विष अंगात साठवतात, म्हणून पक्षी त्यांना टाळतात. मॉर्मनची मादी त्या दहशतीवर फुकट जगते. (हेच विष माणसाची मूत्रपिंडे निकामी करते आणि कर्करोगालाही कारण ठरते. ईश्वरीची मुळी उगाळून पोटात घेणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे.) पुण्यातून फुलपाखरांच्या अभ्यासाला लागलेले कृष्णमेघ कुंटे आणि सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये दाखवले की हे सोंग एकच जनुक ठरवते. नर-मादी भेद घडवण्याचे काम करणारेच ते जनुक आहे.

एटकिन यांच्या या अळ्या पाहणाऱ्या नजरेचा उपयोग सरकारलाही झाला. डासांमुळे मलेरिया होतो हे रोनाल्ड रॉस यांनी १८९७ मध्ये सिद्ध केले. त्यानंतर काही वर्षांनी गोव्याच्या सरहद्दीवरच्या जकात चौक्यांत ताप का हटत नाही हे शोधायला एटकिन यांना पाठवण्यात आले. मिठाची चोरटी वाहतूक रोखणारे गरीब शिपाई घाटातल्या ओढ्याकाठी राहत आणि तापाने झिजत. त्यांच्या चौक्या डासांपासून दूर कशा न्याव्यात, हे एटकिन यांना सुचवायचे होते. या फिरतीत त्यांना अ‍ॅनोफिलीस डासाची एक नवी जात सापडली. तिला त्यांचेच नाव मिळाले. मलेरिया पसरवणाऱ्या मुख्य डासांत ती मोडत नाही, हे त्यांच्या विनोदी स्वभावाला रुचले असते.

१९०३ मध्ये ते कराचीला जकातीचे मुख्य कलेक्टर झाले. शेवटी सिंधच्या गॅझेटियरचे काम करून १९०६ मध्ये निवृत्त झाले आणि स्कॉटलंडला गेले. एप्रिल १९०९ मध्ये एडिंबरा येथे त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी बेल यांनी सोसायटीच्या नियतकालिकात मैदानी भारतातल्या फुलपाखरांवर लेखमाला सुरू केली, ती १९२७ पर्यंत चालली. बेल मात्र मायदेशी गेले नाहीत. निवृत्तीनंतरही ते कारवारलाच राहिले आणि १९४८ मध्ये तिथेच वारले.