कॅमेऱ्याविना चित्रपट घडवणारी : एस्फिर शूब

अनुबोधपट म्हटला की कॅमेरा घेऊन हिंडणारा माणूस डोळ्यांपुढे येतो. परंतु कोठारात पडून राहिलेल्या जुन्या फिती धुंडाळून इतिहास उभा करणारे संशोधकही या कलेत असतात. त्यांच्यात अग्रमान रशियाच्या एस्फिर शूब यांचा.

शूबबाईंचा जन्म १८९४ सालचा. मॉस्कोत त्यांनी साहित्याचे शिक्षण घेतले. क्रांतीनंतर काही काळ सरकारी नाट्यविभागात काढून १९२२ मध्ये त्या चित्रपटसंस्थेत आल्या. परदेशी चित्रपट सोव्हिएत प्रेक्षकांसाठी कापून-जोडून बेतायचे, त्यांना नवी शीर्षके लिहायची, हे त्यांचे काम. दृश्याची जागा बदलली की अर्थ बदलतो, हा धडा त्यांना येथेच मिळाला. पुढे जगप्रसिद्ध झालेला आयझेनस्टाइनही त्यांच्या संकलनाच्या टेबलाशी बसून काही शिकला.

१९२६ च्या उन्हाळ्यात त्या लेनिनग्राडला गेल्या. झारच्या पदरी असलेल्या छायाचित्रकारांच्या फिती व जुनी वार्ताचित्रे तेथील दमट तळघरांत खराब होत होती. दोन महिन्यांत बाईंनी सुमारे ६०,००० मीटर फीत नजरेखालून घातली आणि ५,२०० मीटर निवडून मॉस्कोला नेली. दृश्य कोठले, केव्हाचे, त्यातील माणसे कोण, हे ताडणे म्हणजे इतिहासकाराचेच काम. काही दृश्ये तर देशाबाहेर गेली होती. ती अमेरिकेतून विकत आणावी लागली.

यातून १९२७ साली ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा चित्रपट तयार झाला. जहाजावर नाचून घामाघूम झालेली उमराव मंडळी कपाळ पुसतात; लगोलग दिसतात घाम गाळून राबणारे शेतकरी. झारच्या गौरवासाठी टिपलेली दृश्येच झारविरुद्ध साक्षीला उभी राहिली! ही मांडणी अर्थातच एका पक्षाची होती. तरी बाई दृश्ये पडद्यावर पुरेशी रेंगाळू देत. प्रेक्षकाला ती निरखता यावीत, हा त्यांचा कटाक्ष होता.

पण दुसऱ्यांनी टिपलेले तुकडे जोडणाऱ्याला कर्ता म्हणायचे का? चित्रपटसंस्थेने त्यांना कर्त्याचे मानधन नाकारले. तेव्हा कवी मायाकोव्हस्की यांनी त्यांची बाजू जाहीरपणे मांडली. बाई मात्र काम करीत राहिल्या. टॉल्स्टॉय यांच्या जन्मशताब्दीला, १९२८ मध्ये, त्यांची चित्रफीत फारच थोडी मिळाली. तेव्हा बाईंनी त्यांच्या काळच्या रशियाची दृश्ये भोवती गुंफून चित्रपट पुरा केला. १९३९ मध्ये इतरांनी युद्धभूमीवर टिपलेल्या चित्रणातून त्यांनी ‘स्पेन’ रचला. १९५९ साली त्या निवर्तल्या.

आज जुनी दृश्ये वापरणारे अनुबोधपट ठिकठिकाणी तयार होतात. श्रेयनामावलीत शोध घेणाऱ्याचे नाव बहुधा शेवटी, बारीक अक्षरात येते. शूबबाईंचे चरित्र ठाऊक असलेला प्रेक्षक ते नाव वाचल्याशिवाय खुर्चीवरून उठणार नाही.