तासाभरात बुडालेले जहाज

‘बुच कॅसिडी अँड द सनडान्स किड’ आणि ‘द स्टिंग’ या चित्रपटांचे दिग्दर्शक म्हणून जॉर्ज रॉय हिल रसिकांना परिचित आहेत. ‘द स्टिंग’ने त्यांना ऑस्कर मिळवून दिले. मात्र त्यांच्या धाडसाचा खरा कस लागला तो त्याआधी, दूरचित्रवाणीच्या एका स्टुडिओत.

२० डिसेंबर १९२१ रोजी मिनियापोलिस येथे जन्मलेल्या हिल यांनी येल विद्यापीठात संगीताचे शिक्षण घेतले. दुसऱ्या महायुद्धात ते वैमानिक होते. पुढे डब्लिनला शिकत असताना रंगभूमीशी संबंध आला. कोरियन युद्धात पुन्हा गणवेश चढवावा लागला. खराब हवामानात जमिनीवरील नियंत्रकाच्या आवाजावर विसंबून विमान उतरवण्याचा अनुभव त्यांनी १९५३ मध्ये नाट्यरूपात मांडला आणि ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’चे दार त्यांना उघडले.

१९५५ मध्ये वॉल्टर लॉर्ड यांचे टायटॅनिकवरील ‘अ नाइट टु रिमेंबर’ प्रसिद्ध झाले. बचावलेल्या साठहून अधिक प्रवाशांना भेटून लिहिलेल्या या पुस्तकात कोणी एक नायक नाही. शेकडो माणसांची एक रात्र आहे. हिल आणि जॉन व्हीडन यांनी त्याचे दूरचित्रवाणीसाठी रूपांतर केले. हिमनगाच्या धडकेनंतर जहाज बुडायला दोन तास चाळीस मिनिटे लागली होती. लेखकांच्या हाती होता जेमतेम तासभर, तोही जाहिरातींसह. शिवाय प्रक्षेपण थेट. चुकलेले वाक्य पुन्हा म्हणण्याची सोय नाही, आणि एकदा पाण्यात भिजलेला नट पुढच्या क्षणी कोरड्या कपड्यांत हजर करता येत नाही. दृश्यांचा क्रम लावताना लेखणीला असले हिशेबही करावे लागतात. नाट्यलेखनाच्या पुस्तकांत ते क्वचितच सापडतात!

२८ मार्च १९५६ रोजी एनबीसीवरून हे नाट्य प्रक्षेपित झाले. १०७ कलावंत, ३१ नेपथ्ये, ७ कॅमेरे. दिग्दर्शनही हिल यांचेच. क्लॉड रेन्स यांच्या निवेदनाने तुटक प्रसंग सांधले गेले. बहुधा त्या आवाजाच्या आडोशानेच कॅमेरे एका नेपथ्यातून दुसऱ्यात सरकत असावेत. ते पाहणाऱ्यांची संख्या २ कोटी ८० लाख सांगितली जाते. लेखन आणि दिग्दर्शन या दोन्हींसाठी हिल यांना एमीचे नामांकन मिळाले.

व्हीडन पुढे विनोदी मालिकांकडे वळले. हिल चित्रपटांत गेले. पण विमानांचे वेड सुटले नाही. १९७५ चा ‘द ग्रेट वॉल्डो पेपर’ त्याच वेडातून उतरला. २७ डिसेंबर २००२ रोजी न्यूयॉर्कमध्ये त्यांचे निधन झाले.

त्या रात्रीचा प्रयोग आज पाहायला मिळतो, तो दूरचित्रवाणीच्या पडद्यासमोर कॅमेरा ठेवून उतरवलेल्या कृष्णधवल फितीमुळे. ही फीत २ मे १९५६ रोजी पुन्हा दाखवण्यात आली. तेव्हा मात्र स्टुडिओत कोणालाही धावपळ करावी लागली नाही.