सुई-दोऱ्यातून स्वावलंबन : रमाबाई रानडे

सध्याच्या सांगली जिल्ह्यातील देवराष्ट्रे येथे १८६२ मध्ये जन्मलेल्या रमाबाईंना १८७३ मध्ये महादेव गोविंद रानडे यांच्याशी विवाह झाला तेव्हा अक्षरओळखही नव्हती. पतीनेच त्यांना शिकविले. १८९३ मध्ये रानडे मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले. मुंबईत रमाबाईंनी हिंदू लेडीज सोशल अँड लिटररी क्लबमध्ये भाषेबरोबर शिवणकामाचे वर्ग चालविले.

१९०१ मध्ये त्यांना वैधव्य आले. पुढे १९०९ मध्ये पुण्यात सेवासदन उभे राहिले आणि निराधार स्त्रियांना परिचर्या, अध्यापन व शिवणकाम शिकता येऊ लागले. शिवणकामात कापणे-जोडणे लवकर जमते. खरी परीक्षा कडेची. कापलेल्या कडेचे धागे सुटू नयेत म्हणून ती दुमडून हेम घालावी लागते किंवा कडेवरून टाके घ्यावे लागतात. काम कंटाळवाणे खरे, पण कड उसवली की गिऱ्हाईक फिरकत नाही. गोंदियाच्या शिवणक्लासांत आज शिकविले जाणारे ओव्हरलॉक यंत्र हेच काम क्षणात करते. त्या काळच्या विधवेला मात्र सुईवरच भिस्त ठेवावी लागे. येरवडा तुरुंगातील स्त्रियांनाही रमाबाई भेटत असत. १९२४ मध्ये त्यांचे निधन झाले. टपाल खात्याने १९६२ मध्ये त्यांच्यावर तिकीट काढले.